स्पिरिटमधले सहा नाकतोडे

टोळताईने सरांच्या हातात आठ नाकतोडे ठेवले, तेव्हा पावती मागावी असं तिच्या मनातही आलं नाही. बापाकडून कोणी पावती घेतं का?

टोळताई म्हणजे शाळेच्या प्रयोगशाळेतली सहायक. परीक्षानळ्या धुणं, आम्लांच्या बाटल्यांवर चिठ्ठ्या लावणं, सूक्ष्मदर्शकांच्या काचा पुसणं ही तिची नोकरी. नाकतोडे हा तिचा नाद. मुलं आधी पाठीमागे टोळताई म्हणायची, मग तोंडावर म्हणायला लागली. एकदा मुख्याध्यापकांनी सूचनाफलकावर चुकून तेच नाव लिहिलं, तेव्हापासून खरं नाव फक्त हजेरीपटापुरतं उरलं. तिचा नवरा बस डेपोत वेल्डर होता. तो म्हणायचा, "लोकांच्या बायका रुसून माहेरी जातात, माझी गवतात जाते." पण नाकतोडे धरायच्या जाळीचा दांडा मोडला की जोडून तोच द्यायचा, आणि कडीला असा सफाईदार टाका मारायचा की जोड बोटाला लागत नसे.

सर कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवत. बावीस वर्षांपूर्वी ती काडेपेटीत एक मेलेला नाकतोडा घेऊन त्यांच्या दारात उभी राहिली होती. कॉलेजची पायरी तिने कधी चढलेली नव्हती. याला काय म्हणतात, एवढंच तिला विचारायचं होतं. सर हसले नाहीत. त्यांनी खुर्ची पुढे केली, भिंग तिच्या हातात दिलं आणि म्हणाले, "मी सांगितलं तर उद्या विसरशील. तूच बघ."

त्या दिवशी ती जे शिकली ते सगळ्यात महत्त्वाचं होतं. नाकतोडा बसलेला असताना सगळे एका माळेचे मणी. मातीचा रंग, वाळक्या गवताचा रंग, फार तर दगडावरच्या शेवाळाचा. पुढचे पंख म्हणजे कामावरचा डगला, सर म्हणायचे, खरे कपडे आत. मागचा पंख पंख्यासारखा घडी घालून आत लपवलेला असतो, तो उघडल्याशिवाय नाव घ्यायचं नाही. कोणाचा फिकट पिवळा आणि त्यावर काळी कोर, कोणाचा निळसर, कोणाचा विटकरी, कोणाचा नुसता काचेसारखा. मग पट्टा बघायचा. तो कडेपर्यंत पोचतो की मधेच तुटतो, टोक स्वच्छ आहे की धुरकट. टोळताईने वह्या भरल्या. दहा वर्षांनी अशी वेळ आली की नाकतोडा पायाजवळून उडून पाच हातांवर बसेपर्यंत ती त्याचं नाव घ्यायची, आणि सर मान डोलवायचे.

आणखी एक गोष्ट ती शिकली, ती मात्र रडून. पहिल्याच वर्षी तिने निळ्या पंखांचे चार नाकतोडे स्पिरिटच्या बाटलीत टाकून ठेवले होते. प्रयोगशाळेत बेडूक तसेच ठेवलेले तिने पाहिले होते. आठवड्याने काढले तर पंखांत निळं असं काही उरलंच नव्हतं. सर आठ दिवस तिच्याशी बोलले नाहीत. नवव्या दिवशी त्यांनी समोर बसवून दाखवलं. पोटाला चीर द्यायची, आतलं सगळं काढायचं, कापूस भरायचा, डाव्या बाजूचे पंख फळीवर पसरून टाचण्यांनी ताणायचे आणि सावलीत, वाऱ्यावर, लवकर वाळवायचं. "स्पिरिटात विंचू घाल, गोम घाल," ते म्हणाले, "नाकतोडा घालू नकोस. स्पिरिट रंग पिऊन टाकतं."

गावाबाहेर पाण्याच्या टाकीमागे एक खडकाळ उतार होता. गवत विरळ, मधे मधे चपटे दगड. तिथे जाण्यासारखं काही नव्हतं म्हणून कोणी जात नसे. दोन वर्षांमागे, गवत पिवळं पडायला लागलं तेव्हा, टोळताई तिथे गेली आणि तिच्या पायाजवळून काहीतरी गुलाबी उडालं. नेहमीचा नारिंगी पंखांचा नाकतोडा तिच्या ओळखीचा होता. हा तसा नव्हता. बसला आणि दगड झाला. अर्धा तास ती त्या दगडांत रांगत होती. शेवटी जाळीत आला. पंख उघडला तर बुडाशी स्वच्छ गुलाबी, त्यावर काळपट पट्टा, आणि तो मागच्या कडेला पोचायच्या आधीच तुटलेला.

सरांनी तो भिंगाखाली धरला, उलटून पुन्हा धरला. मग त्यांनी स्वयंपाकघराकडे तोंड करून बायकोला, काकूंना, हाक मारली आणि म्हणाले, "अगं, पोरीनं काय आणलंय बघ." काकू पिठाच्या हाताने आल्या, वाकून बघितलं आणि छान आहे म्हणून गेल्या. सरांनी मग सांगितलं की डोंगरांच्या पलीकडे साठेक वर्षांपूर्वी एकदा हा सापडला होता, त्यानंतर कोणालाच नाही. आता कुठे असणार, संपला असेल, असं पुस्तकात लिहून लोक मोकळे झाले होते.

यंदा त्या उतारावर खडीची खाण व्हायची ठरली. पण खाणीआधी परवानगी देणाऱ्या सरकारी समितीपुढे सुनावणी होती. उतारावर दुर्मिळ जीव असल्याचं सिद्ध झालं तर परवानगी थांबणार होती. टोळताईला अर्ज लिहायची भीती वाटत होती. शाळेतली बाटल्या धुणारी बाई, तिचं कोण ऐकणार. सर म्हणाले, "तू अर्ज दे. ओळख मी पटवतो." ते म्हणाले म्हणून तिने दिला.

एका नाकतोड्यावर समिती विश्वास ठेवणार नाही, म्हणून हंगाम संपायच्या आत तिने आणखी आठ पकडले. पाच नर, तीन माद्या, अगदी ताजे. तिचं घर दोन खोल्यांचं, मुंग्यांनी भरलेलं, आणि शाळेच्या कपाटाला कुलूप नव्हतं. पहिला नाकतोडा, तो दोन वर्षांपूर्वीचा, मुंग्यांनीच खाऊन टाकला होता, नुसती टाचणी उरली होती. सर म्हणाले, माझ्याकडे ठेव, मीच वाळवतो. तिला हायसं वाटलं. घरी येऊन तिने नवऱ्याला सांगितलं की आता काळजी नाही, सरांच्या हातात आहे.

सुनावणी दोन महिन्यांनी झाली. लांब टेबल, त्यावर काच, काचेखाली जुनी कॅलेंडरं. समितीच्या अधिकारी बाई मधे बसल्या होत्या. त्या चष्म्यावरून बघायच्या आणि हळू, नीट बोलायच्या. एका बाजूला खाणमालक आणि त्यांचे वकील, दुसऱ्या बाजूला टोळताई आणि सर. टोळताईने आपलं म्हणणं वाचून दाखवलं. आवाज दोनदा अडखळला, पण वाचलं. मग बाईंनी सरांना नमुने मागितले.

सरांनी पिशवीतून एक काचेची बरणी काढून टेबलावर ठेवली. बरणीत स्पिरिट होतं. स्पिरिटात नाकतोडे होते.

टोळताईला आधी वाटलं की ही दुसरीच कुठली बरणी, दुसऱ्याच कामाची. खरी पेटी आता निघेल. ती पिशवीकडे बघत राहिली. पिशवी रिकामी होऊन घडी पडली होती. सरांनी चिमट्याने एक नाकतोडा काढला, बशीत ठेवला, सुईने पंख ओढून उघडला. पंख कांद्याच्या पापुद्र्यासारखा निघाला. काळा पट्टा तेवढा होता. गुलाबी नावालासुद्धा नव्हतं.

"सर, तुम्ही सांगा," अधिकारी बाई म्हणाल्या. "हा तोच दुर्मिळ आहे का?"

"शरीराची ठेवण नेहमीच्या नारिंगीसारखी आहे," सर म्हणाले. "पट्ट्यातला असा खंड क्वचित नारिंगीतही सापडतो. निर्णय रंगावर होता. आणि रंग, तुम्ही बघताच आहात, राहिलेला नाही. मी खात्रीनं सांगू शकत नाही."

टोळताई उभी राहिली. "पण ताजे असताना तुम्ही बघितलेत ना, सर?"

सरांनी तिच्याकडे बघितलं नाही. "आठवणीवर शास्त्र चालत नाही," ते म्हणाले.

तिने मोबाइलमधले फोटो दाखवले. ते तिने प्रयोगशाळेतल्या ट्यूबलाइटखाली काढले होते आणि त्यात पंख नारिंगीच दिसत होता. वकिलांनी ते बाईंना पुढे होऊन दाखवले आणि आभार मानले. तिने म्हटलं की पुढच्या हंगामापर्यंत थांबा, आता जिवंत एकही सापडणार नाही, मातीत नुसती अंडी आहेत, मी ताजे आणून दाखवते. वकील म्हणाले की अंड्यांसाठी थांबायचं तर मग पृथ्वीवर कुठेच कुदळ मारता येणार नाही. दोघेतिघे हसले. बाई हसल्या नाहीत, पण त्यांनी अर्ज निकालात काढला.

बाहेर पडल्यावर टोळताईने काय केलं असेल? तिने सरांची समजूत घातली. पायऱ्या उतरताना त्यांचा हात धरला आणि म्हणाली की होतं असं, वय झालं, घाईत बरणी हाताला लागली असेल, तुम्ही मनाला लावून घेऊ नका. सर फक्त "हं" म्हणाले. तिने त्यांना बसमध्ये बसवून दिलं आणि खिडकीतून सांगितलं की घरी जाऊन जरा पडा.

नवऱ्याने सगळं ऐकून घेतलं. बूट काढता काढता तो म्हणाला, "मी वीस वर्षं वेल्डिंग करतोय. आता माझी नजर गेली तर जोड वाकडा मारीन. पण चष्मा न लावता ठिणगीकडे बघणार नाही. ते डोक्यात नसतं, हातात असतं." तिला कळेना की त्याला काय म्हणायचंय. मग त्याने सरळच सांगितलं की कुंपणानेच शेत खाल्लंय. त्यावर ती जे भांडली ते लग्नाला एकोणीस वर्षं झाली पण तशी कधी भांडली नव्हती. जो माणूस आपल्याला माणसात बसवतो त्याच्यावर संशय घ्यायला जीभ कशी धजते, असं म्हणाली. दोन दिवस घरात भांड्यांचाच आवाज होता.

भांडून झालं तरी एक गोष्ट तिला डाचत राहिली. बरणीत सहा होते. तिने आठ दिले होते. दोन तुटले असतील, तिने स्वतःला सांगितलं.

तीन आठवड्यांनी सरांचा निरोप आला की पेट्या हलवायच्या आहेत, मदतीला ये. सरांचा संग्रह म्हणजे तीनशेवर लाकडी पेट्या. कॉलेजने आपली खोली संगणकांसाठी घेतली तेव्हापासून त्या घरात होत्या. पलंगाखाली, कपाटावर, माळ्यावर, देवाशपथ मोरीच्या दारामागेसुद्धा. काकूंच्या स्वयंपाकघरात मसाल्यांच्या डब्यांशेजारी नाकतोड्यांच्या पेट्या आणि सगळ्याला डांबरगोळ्यांचा वास. पाहुणा आला की काकू आधी खिडक्या उघडायच्या, मग त्याला बसा म्हणायच्या. हे सगळं आता एका नव्या दालनात जाणार होतं. टोळताईला मनापासून आनंद झाला. कोणी दिलं दालन, हे विचारायचं तिला सुचलंच नाही.

दालन गावातल्या वाचनालयाच्या नव्या इमारतीत तळमजल्यावर होतं. पांढऱ्या भिंती, काचेची दारं असलेली कपाटं, छतापर्यंत. सुतार शेवटचे खण बसवत होते. टोळताईने एकाला विचारलं की हे वरचे खण जरा खाली नाही का घेता येणार, सरांचा हात पोचायचा नाही. सुतार म्हणाला की मालकांना विचारावं लागेल, आणि मालक हल्ली खाणीवरच असतात.

"कुठल्या खाणीवर?" तिने विचारलं.

"टाकीमागच्या," तो म्हणाला. "ही इमारत त्यांचीच की. वडिलांच्या नावाची."

ती पेटी घेऊन तशीच उभी राहिली. मग पेटी खाली ठेवली. मग दुसरी आणली. माणसाला धक्का बसला की तो काम थांबवतो असं म्हणतात, पण तिचे हात चालू राहिले. सगळ्या पेट्या तिच्या ओळखीच्या होत्या, निम्म्याहून जास्त तिनेच लावलेल्या. एक मात्र नव्हती. वहीएवढी लहान, काचेच्या झाकणाची. ती बाकीच्यांच्या मधे नव्हती, सरांच्या लिखाणाच्या पिशवीत कागदांखाली होती. ती पिशवी कपाटात ठेवायला तिने उचलली आणि पेटी निसटून बाहेर आली.

पेटीत एक नर होता आणि एक मादी. पोटात कापूस भरलेला, डाव्या बाजूचे पंख पसरलेले, मिशासुद्धा सरळ बसवलेल्या. आणि पंखांच्या बुडाशी गुलाबी. अडीच-तीन महिन्यांनंतरही तसंच स्वच्छ. टाचणीखाली नखाएवढी चिठ्ठी होती, सरांच्या मुंगीसारख्या अक्षरात. जागा, टाकीमागचा उतार. तारीख. पकडणारीचं नाव, तिचं.

सर दारातून आत आले ते तिच्या हातात पेटी बघूनच.

"ठेव ते खाली," ते म्हणाले. "पाय नाजूक असतात."

"दोन वाळवलेत," टोळताई म्हणाली. "सहा बुडवलेत."

"पोरी, जरा ऐक."

"आधी हो की नाही ते सांगा. मुद्दाम बुडवलेत?"

सर खिडकीशी गेले. बाहेर काकू हातगाडीवाल्याला पेट्या हळू उतरवायला सांगत होत्या. सर म्हणाले, "हो."

वीस वेगवेगळ्या उत्तरांची तिची तयारी झाली असती, याची नव्हती. ती खुर्ची नसलेल्या त्या दालनात जमिनीवरच बसली.

मग सर बोलत राहिले. त्यांनी अकरा ठिकाणी पत्रं लिहिली होती. कोणालाही संग्रह नको होता. एकाने कळवलं होतं की फोटो काढून पेट्यांची विल्हेवाट लावा. ते गेल्यावर मुलगा परदेशातून येऊन काय करणार, हे त्यांना माहीत होतं. अशात खाणमालक स्वतः घरी आले, बसायला जागा नव्हती म्हणून पलंगावर बसले आणि दालनाबद्दल बोलले. खोटं बोला असं ते एकदाही म्हणाले नाहीत. खात्री नसताना खात्री आहे असं म्हणू नका, एवढंच म्हणाले.

"मी खोटं बोललो नाही," सर म्हणाले. "फक्त खात्री उरू दिली नाही."

"माझ्या अर्जावर तुम्हीच मला सही करायला लावलीत."

"तेव्हा ते आले नव्हते." ते तिच्यासमोर वाकून बसायला गेले, गुडघ्याने दगा दिला म्हणून कपाटाला टेकून उभे राहिले. "तिथं एक उतार जाईल. इथं चाळीस वर्षांचं काम वाचलं. तुझंही काम आहे यात. आणि जोडी ठेवलीच ना मी. जात पुसली जाऊ दिली नाही."

"ही मेलेली आहे, सर."

"संग्रहातली सगळीच मेलेली असतात," सर म्हणाले. हे ते रागाने म्हणाले नाहीत. वर्गात म्हणायचे तसंच म्हणाले, आणि तेच तिला सहन झालं नाही.

ती पेटी घेऊन निघाली. तिने दार उघडलंसुद्धा होतं. मागून सरांचा आवाज आला, संग्रहातली वस्तू बाहेर नेता येत नाही, पोरी. बावीस वर्षं तिने हा नियम पाळला होता, दुसऱ्यांना ऐकवला होता. पाय थांबले. सर म्हणाले की दोन दिवस दे, सोमवारी मी स्वतः पेटी घेऊन समितीकडे येतो, अकरा वाजता, माझ्याच तोंडाने सांगतो. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. तिने पेटी कपाटात ठेवली.

माणूस एकदा फसला तर नशिबाला बोल लावता येतो. दुसऱ्यांदा लावायचा तर कोणाला, हे ती पुढे कितीदा तरी नवऱ्याला म्हणाली. नवऱ्याने, खरं सांगायचं तर, एकदाही मी सांगितलं होतं असं म्हटलं नाही.

सोमवारी तिने रजा टाकली आणि पावणेअकरालाच समितीच्या कार्यालयात जाऊन बाकावर बसली. अकरा वाजले, बारा वाजले. शिपायाने दोनदा विचारलं की कोणाला भेटायचंय. सरांच्या फोनची घंटा वाजत होती, कोणी उचलत नव्हतं. एक वाजता लोक डबे खायला उठले, दोनला परत आले. दूरवरून, गावाच्या बाहेरून, मधेच एखादा दणका ऐकू यायचा आणि खिडकीची काच किंचित हलायची. खाणीचे सुरुंग. प्रत्येक दणक्याला ती मनात हिशेब करत होती की आता उताराचा कुठला भाग गेला असेल.

सव्वातीनला जिन्यावर धापा टाकल्याचा आवाज आला. काकू होत्या. एकट्या. काकूंना कोणी कधी एकटं कुठल्या कार्यालयात पाहिलं नव्हतं. विजेचं बिलसुद्धा सरच भरायचे. हातात कापडी पिशवी, पिशवीत टॉवेलात गुंडाळलेली ती पेटी. त्या बाकावर बसल्या, श्वास घेतला, मग कमरेची रुमालाची घडी काढून उलगडली. आत नखाएवढी चिठ्ठी होती. एक कोपरा चुरगळलेला.

"पेटी घरी आणून ही त्यांनी काढून टाकली होती," काकू म्हणाल्या. "सकाळी केर भरताना दिसली. वाचता येईना मला, इतकं बारीक. पण तुझं नाव कळलं."

जागा आणि तारीख नसलेला नाकतोडा म्हणजे रंगीत कचरा, हे तिला शिकवणाऱ्या हातांनीच ती चिठ्ठी उपसून काढली होती.

"त्यांना माहीत आहे, तुम्ही आलात ते?" तिने विचारलं.

"झोपलेत. उठल्यावर सांगेन." काकूंनी पेटीवरचा टॉवेल काढून नीट घडी घातला. "ते दालन व्हावं म्हणून मी काय नाही केलं. माझं स्वयंपाकघर मला मिळालं, चाळीस वर्षांनी. काल पहिल्यांदा घरात नुसत्या फोडणीचा वास आला. पण तुझ्या बाबतीत हे... हे माझ्या घशाखाली उतरलं नाही. जा आत. मी इथं बसते."

अधिकारी बाईंनी पेटी बघितली, चिठ्ठी बघितली, फाइल मागवून सुनावणीच्या कागदावरचं सरांचं अक्षर चिठ्ठीशेजारी धरून बघितलं. पेटी त्यांनी कितीतरी वेळ उजेडाकडे धरली होती. मग म्हणाल्या की सुंदर आहे, हे त्या दिवशी का नव्हतं. टोळताईने घडलं तेवढं सांगितलं, जास्त नाही, कमी नाही. सांगताना तिला चोरी केल्यासारखं वाटत होतं. चोरी झाली होती तिचीच.

काम थांबवायचा कागद वरून येईपर्यंत दहा दिवस गेले. तोवर उताराचा खालचा सगळा भाग खणून झाला होता. मातीत अंडी होती ती मुरमाबरोबर ट्रकमधून कुठे कुठे गेली. वरचा एक पट्टा वाचला, शाळेच्या मैदानाएवढा. त्याला तारेचं कुंपण पडलं. सरांकडून लेखी खुलासा मागवला होता, त्याची प्रत टोळताईला मिळाली. एकच ओळ होती. "नमुने हाताळण्यात माझ्याकडून चूक झाली." ती ओळ तिने स्वयंपाकाच्या ओट्याशी उभ्याने वाचली. तिला शिक्षा नको होती, माफीही नको होती. तिला त्या ओळीत चूक हा शब्द नको होता. आठ दिवस अबोला धरून ज्याने तिला शिकवलं होतं, त्याला चूक आणि हे यातला फरक कळत नव्हता थोडाच.

दालनाचं उद्घाटन झालं. तिला पत्रिका आली होती. ती गेली नाही. गुलाबी जोडी समितीच्या कपाटातच राहिली. काकू मात्र महिन्यातून एकदा दुपारच्या तिच्या घरी येऊ लागल्या. शिवण घेऊन यायच्या, तासभर बसायच्या. सर त्यांना त्या संध्याकाळी काय म्हणाले, हे टोळताईने विचारलं नाही. एकदा त्यांनीच सांगितलं की काही म्हणाले नाहीत, जेवले आणि दालनात जाऊन बसले. आता रोज तिथेच बसतात. बघायला फारसं कोणी येत नाही.

गवत पुन्हा पिवळं पडायला लागलं तशी टोळताई कुंपणाची किल्ली घेऊन वरच्या पट्ट्यावर गेली. पहिल्या दिवशी काहीच नाही, दुसऱ्या दिवशी दोन नारिंगी. तिसऱ्या रविवारी नवरा बरोबर होता, दगडावर बसून बिडी ओढत होता. त्याच्याच पायाजवळून गुलाबी उडालं. तो बिडी टाकून उभा राहिला आणि लहान पोरासारखा बोट दाखवत राहिला. त्या दिवशी सात दिसले. हंगामभर मिळून अकरा. तिने एकही मारला नाही. प्रत्येक जाळीत धरून, पंख उघडून, उन्हात फोटो काढून सोडून दिला.

त्यानंतरच्या आठवड्यात सर शाळेत आले. मधल्या सुट्टीची वेळ होती. ती परीक्षानळ्या उलट्या करून लाकडी स्टँडवर लावत होती. दारात सावली पडली म्हणून तिने वर बघितलं. सर वाळले होते. शर्टाला तो ओळखीचा डांबरगोळ्यांचा वास होता. आत या असं ती म्हणाली नाही, त्यामुळे ते उंबऱ्यापाशीच थांबले.

"हंगाम संपत आला," ते म्हणाले.

ती पुढची नळी धुवत राहिली.

"वरच्या पट्ट्यावर गेली होतीस ना? किती दिसले?"

हा आकडा तिने कोणाकोणाला सांगितला होता. नवऱ्याला, अधिकारी बाईंना, शाळेच्या शिपाईमामांनासुद्धा. सगळे वा म्हणाले होते. पण अकरा म्हणजे काय, पाच नर आणि सहा माद्या म्हणजे काय, पुढच्या वर्षी त्याचं काय होऊ शकतं, हे ज्याला सांगताक्षणी कळलं असतं असा माणूस गावात एकच होता. तो उंबऱ्यावर उभा होता. आकडा तिच्या ओठापर्यंत आला.

"घंटा होईल आता," ती म्हणाली. "पुढच्या तासाला नववीचं प्रात्यक्षिक आहे. माझी अजून मांडामांड व्हायचीय."

सर मान हलवून निघाले. व्हरांड्यातून त्यांची पावलं जिन्यापर्यंत गेलेली तिला ऐकू आली, एकेक पायरीवर दोन्ही पाय टेकून उतरल्यासारखी. जिना उंच होता. हात धरायला कोणी नव्हतं. तिच्या हातातली नळी पाण्याखाली तशीच राहिली होती, केव्हाच स्वच्छ झालेली, पाणी वाहत होतं.

संध्याकाळी वाटेत शिपाईमामांची गाठ पडली होती म्हणून नवऱ्याने विचारलं की शाळेत कोणी भेटायला आलं होतं का. ती म्हणाली, "सूक्ष्मदर्शक दुरुस्त करणारा आला होता." नवऱ्याने तिच्याकडे बघितलं, आणि तिच्या हातातली पिशवी आपल्या हातात घेतली.